व्हेनिसच्या गेट्टोतील पायी फेरी

इटलीतील व्हेनिस शहराच्या कान्नारेज्जो विभागात ज्यूंची जुनी वस्ती आहे. ती गाईडबरोबर पायी हिंडून पाहण्याचा प्रघात तिथे चांगला रुळला आहे. मराठी वर्तमानपत्रांत ‘घेटो’ म्हणून येणारा शब्द मूळचा याच वस्तीचा. प्राग, क्राकूव्ह, रोम, कोचीजवळची मट्टनचेरी अशा अनेक ठिकाणच्या ज्यू वस्त्यांतून अशा फेऱ्या निघतात. व्हेनिसमध्ये गाईडची गरज मात्र जरा जास्तच भासते. या वस्तीत पाच सिनेगॉग म्हणजे ज्यूंची प्रार्थनागृहे आहेत, आणि हातात आइस्क्रीम घेऊन या टोकाकडून त्या टोकाला गेलेल्या माणसाला त्यातला एकही दिसलेला नसतो. इथले बरेच काही दडवून बांधलेले आहे, आणि कुठे पाहायचे हे दाखवणारे कोणी नसेल तर चार उंच घरे आणि एक मोकळा चौक पाहून माणूस परततो.

सांता लुचिया रेल्वे स्थानकापासून दहा मिनिटांच्या चालीवर गुल्ये पूल आहे. तो ओलांडून डावीकडे वळले की कालव्याच्या काठी, दुकानांच्या रांगेत, एक बुटके बोळ लागते. डोके न लववता जाता येते, पण उंच माणूस सवयीने लववतोच. बहुतेक फेऱ्या इथूनच आत शिरतात आणि गाईडचा पहिला थांबाही इथेच असतो. बोळाच्या दगडी चौकटीत खाचा आणि भोके आहेत. ती दरवाजाच्या बिजागऱ्यांची. दरवाजा गेला, भोके राहिली. रात्री हा दरवाजा बाहेरून बंद होई, हे ऐकल्यावर लोक त्या भोकात बोट घालून पाहतात.

दरवाजांची कथा 29 मार्च 1516 पासून सुरू होते. 1509 मध्ये आन्यादेल्लोच्या लढाईत व्हेनिसचा पराभव झाला आणि मुख्य भूमीवरचे ज्यू जीव वाचवायला शहरात आले. त्यांना हाकलावे तर कर्ज आणि कर बुडणार, ठेवावे तर धर्मोपदेशक बोंब मारणार. शेवटी 1516 च्या त्या दिवशी व्हेनिसच्या सिनेटने व्यापारी तोडगा काढला: राहा, पण एका बेटावर राहा. सूर्यास्तानंतर दरवाजे बंद, सकाळी सान मार्को या मुख्य चौकातली मारांगोना घंटा वाजली की उघडे. पहारेकरी ख्रिस्ती, त्यांचा पगार ज्यूंनी द्यायचा. भोवतालच्या कालव्यात गस्तीच्या दोन नावा, त्यांचा खर्चही ज्यूंच्याच माथी. बाहेर पडताना अंगावर पिवळी खूण किंवा डोक्यावर ठरावीक रंगाची टोपी. रात्री बाहेर जाण्याची मुभा मुख्यतः वैद्यांना, कारण दुखणे वेळ बघून येत नाही आणि व्हेनिसच्या उमरावांचा ज्यू वैद्यांवर भरवसा होता. सुरुवातीला सुमारे 700 माणसे इथे आली. ज्यूंना वेगळे कोंडण्याची कल्पना काही व्हेनिसची नव्हे. फ्रांकफुर्टमध्ये 1462 पासून तशी गल्ली होती. व्हेनिसने जगाला दिले ते नाव.

हे नाव कुठून आले, हा प्रश्न प्रत्येक फेरीत निघतो. बेटाच्या जागी पूर्वी तांब्याचा ओतकारखाना होता. ओतण्याला व्हेनिसच्या बोलीत ‘जेतो’ म्हणत; जर्मनीकडून आलेल्या ज्यूंच्या तोंडी त्या ‘ज’चा ‘ग’ झाला, असा सर्वाधिक मान्य खुलासा आहे. 1555 मध्ये पोपने रोममध्येही ज्यूंना कोंडले आणि पुढे शब्द पसरत गेला. आणखी एक गोंधळ गाईडला सोडवून द्यावा लागतो. ‘गेट्टो नुओव्हो’ म्हणजे नवा गेट्टो आणि ‘गेट्टो व्हेक्क्यो’ म्हणजे जुना. पण ज्यू आधी आले ते नव्यात, 1516 मध्ये. जुना मिळाला 1541 मध्ये, तोही तुर्की साम्राज्यातून आलेल्या लेव्हांटाइन व्यापाऱ्यांना. जुना-नवा हा भेद ओतकारखान्यांचा, ज्यूंचा नव्हे. 1633 मध्ये तिसरी पट्टी जोडली, तिला ‘सर्वांत नवा’ हे नाव पडले, आणि तिथे मात्र कारखाना कधीच नव्हता.

बोळातून आत गेल्यावर भिंतीवर एक मोठी कोरीव शिळा आहे, 1704 सालची. ख्रिस्ती झालेल्या ज्यूने पुन्हा या वस्तीत येऊन ज्यू आचार पाळला तर चाबूक, तुरुंग, गलबतावरची वल्ही अशा शिक्षा तीवर लिहिल्या आहेत, आणि चुगली करणाऱ्याला बक्षीसही. शिळेखालून लोक रोज पाव घेऊन जातात. थांबून वाचणारे फक्त फेरीतले.

पूल ओलांडून नव्या गेट्टोच्या चौकात आले की गाईड सांगतो, वर बघा आणि मजले मोजा. व्हेनिसमध्ये घरे साधारण चार-पाच मजली. इथे सात, कुठे आठ. बेट वाढत नव्हते आणि माणसे वाढत होती; सतराव्या शतकात ही संख्या पाच हजारांच्या घरात गेल्याचे सांगतात. तेव्हा मजल्यावर मजले चढले आणि छते खाली आली. खिडक्यांच्या रांगा इतक्या जवळ जवळ आहेत की आतल्या खोल्यांची उंची बाहेरूनच कळते.

ही घरे ज्यूंच्या मालकीची नव्हती. स्थावर मालमत्ता घ्यायला त्यांना बंदी होती. 1516 मध्ये जुन्या ख्रिस्ती भाडेकरूंना काढून ज्यूंना आत घातले तेव्हा घरमालकांना एक तृतीयांश जादा भाडे घेण्याची परवानगी मिळाली. त्यातून ‘यूस गाझागा’ नावाची वहिवाट तयार झाली: भाडे वाढवायचे नाही, भाडेकरूला काढायचे नाही, आणि भाड्याचा हक्क वारसाने द्यावा, विकावा, मुलीच्या हुंड्यात घालावा. मुंबईत पागडीच्या खोलीत वाढलेल्याला हे समजावून सांगावे लागत नाही. इतरांना दहा मिनिटे लागतात.

चौकाच्या एका कडेला ओवरीत ‘बांको रोस्सो’ म्हणजे लाल पेढी आहे. लाल, हिरवी आणि काळी अशा तीन गहाणपेढ्या इथे चालत. ज्यूंना राहू देण्याचा करार ठरावीक वर्षांनी नव्याने होई, आणि गरीब ख्रिस्ती लोकांना कमी व्याजाने कर्ज देणे ही त्यातली अट असे; 1573 नंतर हा दर 5 टक्के होता. त्यात पेढीला नफा नव्हता. वस्तीतल्या श्रीमंतांनी वर्गणी काढून पेढ्या चालवायच्या, हे वस्तीत राहण्याचे मोलच होते. शायलॉकचे घर कोणते, असे विचारणाऱ्यांना ही पेढी दाखवावी. शायलॉक हा शेक्सपिअरच्या ‘द मर्चंट ऑफ व्हेनिस’ नाटकातला सावकार, पेढी खरी. 2016 मध्ये गेट्टोला पाचशे वर्षे झाली तेव्हा ते नाटकही याच चौकात झाले.

सिनेगॉग कुठे आहेत, हे या चौकात उभे राहून शोधण्याचा खेळ बरेच गाईड खेळवतात. खूण एकच: वरच्या मजल्यावर शेजारी शेजारी पाच कमानदार खिडक्या. तोरा या ज्यूंच्या धर्मग्रंथाच्या पाच ग्रंथांवरून पाच, असे सांगतात. खालच्या मजल्यावर माणसे राहत, वर देवाचे घर. प्रार्थना आणि आकाश यांच्या मध्ये कोणाचे बिऱ्हाड नको, आणि तसेही खाली जागा होतीच कुठे? या प्रार्थनागृहांना इथे ‘स्कोला’ म्हणतात. जर्मन ज्यूंची स्कोला तेदेस्का 1528 ची, स्कोला कांतोन तिच्या पाठोपाठची, इटालियनांची 1575 ची. स्पॅनिश आणि लेव्हांटाइन या दोन मोठ्या स्कोला जुन्या गेट्टोत, छोट्या चौकात समोरासमोर. एका धर्माच्या लोकांनी एवढ्याशा जागेत पाच वेगळी प्रार्थनागृहे बांधली, कारण जर्मन, स्पॅनिश आणि तुर्की ज्यूंच्या चाली, उच्चार, जेवण सगळेच निरनिराळे होते. पोटजाती सगळीकडे असतात.

आत जाणे वस्तुसंग्रहालयाच्या फेरीतूनच होते. हे संग्रहालय विसाव्या शतकाच्या मध्यावर सुरू झाले. एका फेरीत सहसा दोन-तीन स्कोला दाखवतात, आत फोटो काढू देत नाहीत, शनिवारी आणि ज्यू सणांना फेरी नसते. अरुंद जिन्याने वर गेल्यावर अंधारातून एकदम सोनेरी लाकूड समोर येते. तेदेस्काचा दिवाणखाना वेडावाकडा, एकही कोपरा काटकोनात नाही. तो झाकण्यासाठी वर स्त्रियांची लंबगोल गॅलरी बसवली आहे. संगमरवर वापरायची ज्यूंना मनाई होती म्हणून भिंती चुन्याच्या गिलाव्याने संगमरवरासारख्या केल्या आहेत. कांतोनमध्ये भिंतीवर आठ लाकडी कोरीव चित्रे आहेत: तांबडा समुद्र दुभंगलेला, आकाशातून पडणारे मान्ना हे अन्न, खडकातून निघणारे पाणी. इस्रायलची अख्खी प्रजा वाट चालते आहे आणि चित्रात माणूस एकही नाही, कारण प्रार्थनागृहात मनुष्याकृती नको. फेरीतली सर्वांत जास्त वेळ बघण्याजोगी गोष्ट हीच, आणि बहुतेक गाईड तिथे घाई करतात. स्पॅनिश स्कोलेचे श्रेय बाल्दास्सारे लोंगेना या वास्तुविशारदाला देतात. आजही उन्हाळ्यात प्रार्थना स्पॅनिश स्कोलेत आणि थंडीत लेव्हांटाइन स्कोलेत होते. दुसरीत ऊब असते.

बोलणे पुस्तकांवर आले की गाईडला तोंड आवरावे लागते. अँटवर्पहून आलेला दानिएल बोंबेर्ग हा ख्रिस्ती छापखानेवाला. ज्यू पंडितांना हाताशी घेऊन त्याने 1520 ते 1523 मध्ये संपूर्ण बाबिलोनी तालमूद हा ज्यू धर्मशास्त्राचा मोठा ग्रंथ छापला, आणि त्याच्या पानांची मांडणी जगभर आजही चालते. 1553 मध्ये याच शहरात, सान मार्कोच्या चौकात, तालमूदच्या प्रती जाळल्या गेल्या. लेओन मोदेना (1571–1648) हा रब्बी म्हणजे ज्यू धर्मगुरू याच वस्तीतला. त्याची प्रवचने ऐकायला ख्रिस्ती लोकही येत. जुगाराचा नाद मात्र त्याला जन्मभर सुटला नाही, आणि तसे त्याने आपल्या आत्मचरित्रात लिहून ठेवले. सारा कोपिया सुल्लाम ही कवयित्री त्याच काळातली.

मे 1797 मध्ये फ्रेंच सैन्य आले, जुलैत दरवाजे उखडून चौकात जाळले गेले आणि लोक नाचले. कायदेशीर बरोबरी पक्की झाली 1866 मध्ये, व्हेनिस इटलीत सामील झाल्यावर. तोवर ज्यांना परवडले ते बाहेर राहायला गेले. मागे गरीब उरले.

चौकाच्या दुसऱ्या बाजूच्या भिंतीवर काटेरी तार आणि नाझींनी मारलेल्या ज्यूंच्या स्मरणार्थ ब्राँझचे सात पट आहेत. ते लिथुआनियात जन्मलेल्या आर्बित ब्लातास याने घडवले, 1980 मध्ये लागले. शेजारी 1993 मधले त्याचेच ‘शेवटची आगगाडी’ हे शिल्प. सप्टेंबर 1943 मध्ये जर्मनांनी ज्यूंची यादी मागितली, तेव्हा समाजाचे अध्यक्ष डॉक्टर ज्युझेप्पे योना यांनी कागद नष्ट केले आणि 17 सप्टेंबरला आत्महत्या केली. डिसेंबरात धरपकड सुरू झाली. पुढच्या ऑगस्टात चौकातल्या वृद्धाश्रमातूनही माणसे नेली. एकूण 246 जणांना नेले, परतले आठ. वृद्धाश्रमाची इमारत अजून तिथेच आहे. पायाखाली पितळी मुखाचे दहा सेंटिमीटरचे चौकोनी दगड बसवलेले दिसतात. इटालियनमध्ये त्यांना ‘ठेच लागायचे दगड’ म्हणतात. प्रत्येकावर ‘इथे राहत होते’, नाव, जन्मसाल, पकडल्याची तारीख. ते वाचायला वाकावे लागते, आणि गटातला पहिला माणूस वाकला की बाकीचे गप्प होतात.

इटलीत गाईडला परवाना लागतो. 2024 पासून व्हेनिसने गटाला 25 माणसांची मर्यादा घातली आणि ध्वनिक्षेपक बंद केले. अरुंद बोळांत राहणाऱ्यांना त्याची गरज होतीच. शहरातले ज्यू आज जेमतेम 450, आणि गेट्टोत त्यांतले थोडेच राहतात. चौकात सैनिकांची चौकी असते. फेरीतले लोक स्थानिक मुलांच्या चेंडूमधून वाट काढतात. शेवटी बहुतेक जण जुन्या गेट्टोतल्या बेकरीत थांबून बदामाचे सारण भरलेले ‘इंपादे’ घेतात. ते गोड आहेत, पण आपल्या करंजीची सर नाही.

मुंबईकराला ही फेरी करताना मस्जिद बंदराजवळची इस्रायल मोहल्ल्याची वस्ती आठवतेच. तिथले शाआर हारहामीम सिनेगॉग 1796 मध्ये सॅम्युएल इझिकेल दिवेकर यांनी बांधले, आणि बेने इस्रायली म्हणजे कोकणातले मराठी बोलणारे ज्यू त्याला ‘जुनी मशीद’ म्हणत. तेही घरांच्या दाटीत दडलेले आहे. पण त्या मोहल्ल्याला दरवाजा नव्हता आणि रात्री कडी लावणारे कोणी नव्हते. दोन्ही ठिकाणी एकच माणूस फिरला तर हा फरक त्याला बिजागऱ्यांच्या भोकापाशीच कळतो.

पायी फेरी लिदोच्या बेटापर्यंत जात नाही. ज्यूंचे दफनस्थान तिथे आहे, 1386 पासूनचे. वस्तीच्या आतही जागा नव्हती आणि मेल्यावर तर नव्हतीच, म्हणून प्रेते नावेतून खाडीपार जात. लेओन मोदेना आणि सारा कोपिया सुल्लाम दोघांच्याही शिळा तिथेच. ते दफनस्थान बघायचे तर वेगळी वेळ ठरवून वापोरेत्तोने, म्हणजे व्हेनिसच्या प्रवासी बोटीने, जावे लागते.