अनुकंपा नियुक्ती (महाराष्ट्र)

शासकीय सेवेत असताना कर्मचाऱ्याचा मृत्यू झाल्यास त्याच्या कुटुंबातील एका पात्र सदस्याला जाहिरात आणि स्पर्धा परीक्षा यांच्याविना दिली जाणारी नोकरी म्हणजे अनुकंपा नियुक्ती. संविधानाचा अनुच्छेद १६ सरकारी नोकरीत सर्वांना समान संधी देतो आणि वंशाच्या आधारे भेदभाव करण्यास मनाई करतो. त्यामुळे ही नियुक्ती नियम नसून अपवाद आहे. हरियाणा सरकारविरुद्धच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये अपवादाची चौकट आखून दिली : कमावता माणूस गेल्याने कुटुंबावर अचानक कोसळलेले आर्थिक संकट निभावणे हाच अशा नियुक्तीचा हेतू असून, मृताच्या दर्जाइतके पद मिळवून देणे हा हेतू नव्हे, म्हणून ती केवळ खालच्या दोन वर्गांतील पदांवर द्यावी आणि वाजवी काळ लोटल्यावर हक्क म्हणून तिची मागणी करता येणार नाही.

महाराष्ट्र शासनाची योजना २६ ऑक्टोबर १९९४ च्या शासन निर्णयाने सुधारित स्वरूपात आली आणि तिच्यात वेळोवेळी झालेले बदल २१ सप्टेंबर २०१७ च्या निर्णयात एकत्र करण्यात आले. पती किंवा पत्नी आणि मुलगा किंवा मुलगी हे प्रमुख पात्र नातेवाईक होत. विवाहित मुलीला मात्र दीर्घकाळ यातून वगळले होते. न्यायालयांनी त्यावर ताशेरे ओढल्यानंतर २०१३ मध्ये तिला मर्यादित स्वरूपात वाट मोकळी झाली. ३१ डिसेंबर २००१ नंतर तिसरे अपत्य झालेल्या कर्मचाऱ्याचे कुटुंब अपात्र ठरते. कुटुंब नियोजन न पाळल्याची ही शिक्षा कर्मचाऱ्याच्या पश्चात त्याच्या मुलांना भोगावी लागते, हे येथे नमूद करणे आवश्यक आहे. कोविडच्या साथीच्या काळात, २०२१ मध्ये, गट-अ आणि गट-ब या वरच्या दोन वर्गांतील अधिकाऱ्यांच्या कुटुंबांनाही योजनेत घेण्यात आले, पण नोकरी मिळते ती गट-क किंवा गट-ड या खालच्या दोन वर्गांतील पदावरच.

अर्जासोबत कुटुंबातील इतर सदस्यांचे ना-हरकत पत्र आणि त्यांचा सांभाळ करण्याचे हमीपत्र घेतले जाते. नाव प्रथम मृत कर्मचाऱ्याच्या कार्यालयाच्या प्रतीक्षासूचीत चढते. गट-क साठी जिल्हाधिकारी कार्यालयात जिल्ह्याची सामायिक सूचीही ठेवली जाते. योजनेतील मूळ विसंगती याच टप्प्यावर दिसते. तातडीच्या मदतीसाठी निर्माण केलेली नोकरी रांगेतून मिळते, कारण सरळसेवेच्या, म्हणजे बढतीने न भरता थेट भरतीने भरायच्या, रिक्त पदांपैकी ठराविक टक्केच पदे अनुकंपासाठी वापरता येतात. केंद्र सरकारमध्ये ही मर्यादा पाच टक्के आहे. महाराष्ट्राने ती टप्प्याटप्प्याने वाढवत २०१९ मध्ये वीस टक्क्यांवर नेली. तरीही भरतीच थांबली, तर टक्केवारी कितीही असली तरी सूची पुढे सरकत नाही. वयाची पंचेचाळीस वर्षे पूर्ण झाली की उमेदवाराचे नाव सूचीतून वगळले जाते, त्यामुळे वडिलांच्या निधनानंतर तरुणपणी नाव नोंदवलेला माणूस प्रौढ वयात रिकाम्या हाताने बाहेर पडण्याची शक्यता राहते.

या दिरंगाईतूनच नाव बदलण्याचा वाद उभा राहिला. पतीच्या जागी अर्ज केलेली स्त्री वयोमर्यादेजवळ आली, तोवर अज्ञान असलेला तिचा मुलगा सज्ञान झाला, तर सूचीत तिच्याऐवजी त्याचे नाव लावता येईल काय, हा तो प्रश्न. मे २०१५ च्या शासन निर्णयाने अशा बदलाला, सूचीतील उमेदवाराच्या मृत्यूचा प्रसंग सोडता, मनाई केली. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने ही अट अवाजवी ठरवली, पण कार्यालये जुन्या निर्णयावर बोट ठेवून अर्ज फेटाळत राहिली आणि प्रत्येक कुटुंबाला स्वतंत्र याचिका करावी लागली. २०२४ मध्ये उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानेही (दोनहून अधिक न्यायाधीशांच्या पीठाने) कुटुंबांच्या बाजूने कौल दिला. २०२५ च्या सुधारित धोरणात शासनाने नावबदल मान्य केला. सर्वोच्च न्यायालयाची भूमिका याहून कठोर आहे. मृत्यूनंतर बरीच वर्षे कुटुंब तग धरून राहिले असेल, तर तातडीचे कारणच संपते, असे त्याने २०२३ मध्ये पश्चिम बंगालमधील प्रकरणात म्हटले. विलंब प्रशासनाचा असला तरी त्याचा भार या तर्काने कुटुंबावरच पडतो.

सफाई कामगारांच्या वारसांना लाड-पागे समितीच्या शिफारशींनुसार मिळणारी नोकरी ही स्वतंत्र व्यवस्था आहे. ती कामगाराच्या निवृत्तीनंतरही मिळते आणि तिला वारसा हक्काचेच स्वरूप आहे.