खुनाच्या अपिलात पुरावा कसा तोलला जातो : काही पार्श्वभूमी

खुनाच्या खटल्यात सत्र न्यायालयाने शिक्षा सुनावल्यावर आरोपीने अपील केले, तर उच्च न्यायालयाला केवळ निकालपत्रातील चुका शोधून थांबता येत नाही. प्रत्येक साक्षीदाराची जबानी, उलटतपासणी, पंचनामे आणि वैद्यकीय अहवाल पुन्हा वाचून या पुराव्यावर दोषसिद्धी टिकते का, हे त्याला स्वतः ठरवावे लागते. आज हा अधिकार इतका स्वाभाविक वाटतो, की तो कोणत्या टप्प्यांतून आला याचा विसर पडतो.

इंग्लंडमध्ये ज्युरीने, म्हणजे आरोपी दोषी की निर्दोष हे ठरवणाऱ्या सामान्य नागरिकांच्या मंडळाने, दिलेल्या दोषसिद्धीविरुद्ध विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत नियमित अपिलाची सोयच नव्हती. ॲडॉल्फ बेक या निरपराध माणसाला चुकीच्या ओळखीमुळे फसवणुकीच्या आरोपांत दोनदा दोषी ठरवल्याचे 1904 मध्ये उघड झाले. त्यानंतरच्या लोकक्षोभातून 1907 चा फौजदारी अपील कायदा आला. तरीही ज्युरीच्या निर्णयाला हात लावण्यास न्यायाधीश कचरत. 1931 मध्ये लिव्हरपूल येथील विल्यम वॉलेस याची पत्नीच्या खुनाबद्दलची फाशी अपील न्यायालयाने रद्द केली, ती उपलब्ध पुराव्यावर तो निर्णय टिकूच शकत नाही या कारणासाठी. त्या काळी हे पाऊल असाधारण होते.

भारतात 1898 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने वस्तुस्थिती आणि कायदा अशा दोन्ही मुद्द्यांवर अपिलाची मुभा दिली होती. ज्युरीसमोर चाललेल्या खटल्यात मात्र सर्वसाधारणपणे कायद्याचाच मुद्दा मांडता येई. फाशीच्या शिक्षेची गोष्ट वेगळी होती. उच्च न्यायालयाने कायम केल्याशिवाय ती अमलात येत नसे, आणि आरोपीने अपील केलेले नसले तरी पुराव्याची तपासणी होत असे. फाशीसाठीची ही तरतूद फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्यात, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतही कायम आहे. पत्नीच्या प्रियकराच्या खुनाचा आरोप असलेल्या नौदल अधिकाऱ्याच्या, म्हणजे नानावटी, खटल्यात ज्युरीने आरोपीला निर्दोष ठरवले. सत्र न्यायाधीशांनी तो निर्णय अमान्य करून प्रकरण मुंबई उच्च न्यायालयाकडे पाठवले, 1960 मध्ये जन्मठेप झाली आणि 1961 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. 1973 च्या संहितेत ज्युरीला स्थान उरले नाही.

अधिकार मिळाला तरी अडचण राहिली. अपील न्यायालयापुढे कागद असतात, साक्षीदार नसतो. ब्रिटिश काळात भारतीय खटल्यांसाठी लंडनमधील सर्वोच्च अपील न्यायपीठ असलेल्या प्रिव्ही कौन्सिलने 1934 च्या शिवस्वरूप खटल्यात, म्हणजे निर्दोष सुटकेविरुद्धच्या अपिलात, यावर दिलेले उत्तर आजही आधार म्हणून वापरले जाते. उच्च न्यायालयाला संपूर्ण पुरावा तपासण्याचा अधिकार आहे. पण साक्षीदारांच्या विश्वासार्हतेबद्दल खालच्या न्यायाधीशाचे मत, निर्दोषत्वाचे गृहीतक, संशयाचा फायदा मिळण्याचा आरोपीचा हक्क आणि साक्षीदार प्रत्यक्ष पाहिलेल्या न्यायाधीशाचा निष्कर्ष बदलताना बाळगायचा संयम या चार गोष्टींना त्याने योग्य वजन दिले पाहिजे. म्हणूनच दोन मते संभवत असतील तर सुटकेचा निकाल सहसा बदलला जात नाही. दोषसिद्धीविरुद्धच्या अपिलात तोच वाजवी संशय आरोपीच्या सुटकेला पुरेसा ठरतो. हा फरक अन्यायकारक असल्याची तक्रार ऐकू येते, पण सुटलेल्याच्या बाजूने निर्दोषत्वाचे गृहीतक अधिक बळकट झालेले असते, हे लक्षात घेतले तर ती टिकत नाही. साक्षीदाराच्या वर्तनाबद्दल आवश्यक वाटेल तेव्हा शेरा नोंदवण्याची तरतूद 1898 च्या आणि 1973 च्या, दोन्ही संहितांमध्ये होती. तो शेराच नसेल, तर अपील न्यायालयाने कोणत्या निरीक्षणाला मान द्यायचा?

साक्षीदार किती, यापेक्षा कसे, हा निकष सर्वोच्च न्यायालयाच्या 1957 च्या वडिवेलू थेवर खटल्यात ठसठशीतपणे मांडला गेला. पूर्ण विश्वासार्ह साक्षीदार एकटा असला तरी त्याच्या जबानीवर खुनाची दोषसिद्धी होऊ शकते आणि पूर्ण अविश्वसनीय साक्षीदार सोडून द्यावा लागतो. खरी कसोटी लागते ती या दोहोंमधल्या साक्षीदाराबाबत, कारण तेथे महत्त्वाच्या बाबींवर स्वतंत्र दुजोरा पाहावा लागतो.

प्रत्यक्षदर्शी साक्षीदारच नसेल, तर तपासणी अधिक कठोर होते. पुण्यातील एका विवाहितेच्या विषबाधेने झालेल्या मृत्यूच्या खटल्यात, म्हणजे सारडा खटल्यात, सत्र न्यायालयाने पतीला फाशीची शिक्षा सुनावली आणि उच्च न्यायालयाने ती कायम केली. सर्वोच्च न्यायालयाने 1984 मध्ये त्याला निर्दोष सोडले. मृत्यू आत्महत्येने झाला असण्याची शक्यता पुराव्याने नाकारता येत नव्हती. परिस्थितिजन्य पुराव्याची प्रत्येक बाब आधी पूर्ण सिद्ध झाली पाहिजे, ती केवळ आरोपीच्या दोषाशीच सुसंगत आणि निर्णायक असली पाहिजे, इतर प्रत्येक संभाव्य स्पष्टीकरण तिने वगळले पाहिजे आणि साखळी अखंड असली पाहिजे, ही त्या निकालातील तत्त्वे आज परिस्थितिजन्य पुराव्यावरील अपिलांत सातत्याने उद्धृत होतात. आरोपीचे खोटे स्पष्टीकरण तुटलेली साखळी जोडू शकत नाही, हेही त्याच निकालाने स्पष्ट केले. माझ्या मते या निकालाचे मोल तत्त्वांच्या यादीइतकेच त्यांच्या प्रत्यक्ष वापरात आहे : दोन न्यायालयांचे एकमत झाल्यानंतरही मृतेची पत्रे आणि वैद्यकीय पुरावा तेथे पुन्हा बारकाईने तपासला गेला.

याच काळात उलट दिशेचा इशाराही दिला गेला होता. 1973 च्या शिवाजी बोबडे खटल्यात सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती कृष्णा अय्यर यांनी संशयाच्या फायद्याचा अतिरेक केल्यास गुन्हेगार सुटून कायद्यावरील विश्वास ढळतो, असे बजावले. संशय वाजवी आणि पुराव्यातून उद्भवलेला असावा लागतो. त्यामुळे जबानीतील किरकोळ विसंगती आणि मुळावर येणारी विसंगती यांतला फरक अपील न्यायालयाला प्रत्येक प्रकरणात कारणे देऊन दाखवावा लागतो.