इडिटारॉडला कमी दिसणाऱ्यांचे अर्ज कुठे अडकतात

अलास्कातली इडिटारॉड म्हणजे कुत्र्यांच्या स्लेजची अँकरेज ते नोम, साधारण हजार मैलांची शर्यत. दृष्टिहीनांसाठी तिथे वेगळा गट नाही. वय 18 पूर्ण, फी 4000 डॉलर, आधी मान्यताप्राप्त छोट्या शर्यती पूर्ण केलेल्या, हे सगळं डोळस माणसाइतकंच लागतं.

घोळ होतो सर्टिफिकेटवर. आपल्याकडून गेलेला माणूस युडीआयडी कार्ड, म्हणजे आपलं सरकारी अपंगत्वाचं ओळखपत्र, जोडून मोकळा होतो, त्यावर 'अल्पदृष्टी' आणि टक्के, आणि तिकडे त्या टक्क्यांचं कुणाला काही पडलेलं नाही. अमेरिकेत चष्मा लावून चांगल्या डोळ्याची नजर 20/200 (निरोगी डोळ्याला 200 फुटांवरून दिसतं ते 20 फुटांवरून दिसणं) किंवा त्याहून कमी असेल तर कायद्याने अंध. 20/200 म्हणजे आपलं मीटरमधलं 6/60, आणि आपल्या 2016 च्या अपंग हक्क कायद्यात तो माणूस अंध नाही, अल्पदृष्टीच! डोळा तोच, शब्द वेगळा. म्हणून डॉक्टरांकडून आकडे लिहून घ्या आणि प्रत्यक्षात काय दिसत नाही तेही, म्हणजे आडवी फांदी, वाटेच्या खुणा, बर्फावरचा उजेड. 'सिव्हिअर व्हिज्युअल लॉस' एवढ्या ओळीतून कुणाला काय कळणार?

खरी अडचण सवलत मागायच्या पत्रात असते. ओरेगॉनच्या रेचल सडोरिस या स्लेज हाकणारीला जन्मापासून अ‍ॅक्रोमॅटॉप्सिया, रंग दिसत नाहीत, उजेड सोसत नाही. तिने आधी वाट दाखवायला स्नोमोबाइल, म्हणजे बर्फावरच्या मोटरगाड्या, मागितल्या, शर्यतीचं मंडळ नाही म्हणालं. 2003 ला मान्य काय झालं तर स्वतःच्या कुत्र्यांच्या टीमसह धावणारा एक सोबती, जो रेडिओवर पुढचा रस्ता सांगेल. मंडळाचा नुसता हट्टीपणा म्हणू नका, अशा मागणीत प्रश्न हाच असतो की सवलतीने शर्यतच बदलते का. 2001 मध्ये केसी मार्टिन या पाय अधू असलेल्या गोल्फरला अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टाने मैदानात चालण्याऐवजी गाडी वापरू दिली ती याच कसोटीवर. त्यामुळे 'मदत मिळावी' असं मोघम लिहू नका हो, नेमकं काय हवं, का हवं आणि त्याने इतरांवर फायदा का होत नाही, हे तिन्ही लिहा.

सोबती म्हणजे दुसरी टीम, दुसरा खर्च, आणि त्याने स्वतःच्या नंबरावर पाणी सोडायचं. रेचलला 2005 ला पॉल एलरिंग, 2006 ला टिम ऑस्मर मिळाले. असा माणूस आधी शोधा, पत्र नंतर.

तारखेचं पण तेच. नोंदणी जूनअखेर उघडते म्हणून लोक जूनमध्ये जागे होतात, पण पात्रतेच्या शर्यती बर्फात होतात, त्यात एकदोन हिवाळे जातात आणि प्रत्येक शर्यतीचे आयोजक वेगळे, म्हणजे सोबत्याची परवानगी दर वेळी नव्याने मागा, वैताग आहे पण इलाज नाही.

कुत्र्यांच्या लसी, रक्ततपासणी, ईसीजी यात मात्र कुणालाच सूट नाही. 2005 ला रेचल वाटेतल्या ईगल आयलंडच्या थांब्यावर शर्यतीतून बाहेर पडली ती डोळ्यांमुळे नाही, कुत्री आजारी पडली म्हणून. पुढच्या वर्षी नोमला पोचली, 57वी.