पुस्तकांतला तांबडा पक्षी : हा रंग आला कुठून?

बेळगाव, खानापूर, निपाणी या पट्ट्यातल्या वाचकाने दुकानात मराठी पुस्तक मागितले काय किंवा कन्नड मागितले काय, एक शब्द त्याला बदलावा लागत नाही, आणि तो म्हणजे ‘कादंबरी’. दोन्ही भाषांनी हा शब्द घेतला तो बाणभट्टाच्या सातव्या शतकातल्या संस्कृत गद्यकथेवरून, आणि ती कथा राजा शूद्रकाच्या दरबारात सांगतो तो एक पोपट. संस्कृत कोशांत पोपटाला ‘रक्ततुंड’, म्हणजे लाल चोचीचा, असेही एक नाव आहे. लाल पक्षी असलेल्या पुस्तकांची यादी करायला बसले की परदेशी पुस्तकांपासून सुरुवात करण्याची सवय आपल्याला लागली आहे. ती यादी घरापासून सुरू व्हावी असे मला मनापासून वाटते, कारण ज्या साहित्यप्रकाराला आपण रोज ज्या नावाने हाक मारतो ते नावच अशा एका पक्ष्याच्या तोंडून ऐकलेल्या गोष्टीचे आहे.

बाणाने या पोपटाचे, वैशंपायनाचे, जन्मस्थान सांगितले आहे ते एका जुन्या, प्रचंड शाल्मलीच्या झाडावर. शाल्मली म्हणजे आपली काटेसावर. फाल्गुनात खानापूरकडे जाताना पाने झडलेल्या सावरीवर नुसती लाल फुले पेटलेली असतात आणि त्या फुलांतल्या मधासाठी मैना, बुलबुल, कोतवाल यांची दिवसभर झुंबड असते, हे या भागातल्या कोणालाही सांगावे लागत नाही. बाणाच्या झाडावर मात्र एक म्हातारा शबर, म्हणजे रानातला शिकारी, चढतो, ढोलीढोलीतून पोपटांची पिल्ले काढून, माना मुरगळून खाली टाकतो; वैशंपायनाचा बाप पिल्लाला पंखांखाली झाकून घेतो आणि स्वतः मारला जातो, आणि ते पिल्लू वाळलेल्या पाल्याच्या ढिगावर पडल्यामुळे तेवढे वाचते. हा प्रसंग मूळ वर्णनात फार सावकाश येतो, आणि तो वाचल्यानंतर ‘कादंबरी’ हा शब्द पूर्वीसारखा सहज उच्चारता येत नाही. पुढे नागवर्माने ‘कर्नाटक कादंबरी’ हे तिचे कन्नड चंपूरूप, म्हणजे गद्यपद्यमिश्रित रूप, रचले.

पोपट मात्र सर्वांगाने लाल नव्हे, आणि या विषयाची खरी गंमत तिथेच आहे. आपल्या जुन्या वाङ्मयात नखशिखांत लाल पक्षी क्वचितच भेटतो. लाल असते ते चोच, डोके, पंख किंवा छाती, आणि कवीची नजर त्या एवढ्याशा लालीवर खिळलेली असते. महाराष्ट्री प्राकृतातल्या, म्हणजे मराठीच्या पूर्वज भाषेतल्या, हालाच्या ‘गाथासप्तशती’त एक गाथा आहे : आकाशातून पोपटांचा थवा खाली उतरतो आहे, जणू आकाशलक्ष्मीच्या गळ्यातून पाचू आणि माणकांची माळ निसटली आहे. हिरवी अंगे पाचूची आणि चोची माणकांच्या, इतकी ती साधी आणि नेमकी उपमा आहे. ‘अमरुशतका’त तेच माणिक पुन्हा येते. रात्री नवरा-बायकोने केलेले बोलणे घरातला पोपट सकाळी वडीलधाऱ्यांसमोर बोलू लागतो, तेव्हा लाजेने चूर झालेली सून कानातल्या माणकाचा तुकडा डाळिंबाचा दाणा म्हणून त्याच्या चोचीपुढे धरते आणि त्याचे तोंड बंद करते. लाल चोचीपुढे लाल माणिक धरायचे आणि त्याला लाल डाळिंब म्हणायचे, ही तिहेरी लाली चार ओळींत बसवणाऱ्या कवीला दाद द्यावी तेवढी थोडीच.

या सगळ्याच्या आधीचा पक्षी वाल्मीकीचा आहे. रामायणाच्या बालकांडात निषादाच्या बाणाने पडणाऱ्या क्रौंच नराला कवीने ‘ताम्रशीर्ष’ असे विशेषण लावले आहे, म्हणजे तांबड्या डोक्याचा, आणि तो रक्ताने माखलेल्या अंगाने जमिनीवर तडफडतो असे पुढे म्हटले आहे. तांबडे डोके, जोडीने राहण्याची रीत आणि मागे राहिलेल्या मादीचा आक्रोश या खुणांवरून अनेक अभ्यासक हा क्रौंच म्हणजे सारस मानतात. करड्या अंगाच्या सारसाचे डोके आणि मानेचा वरचा भाग खरोखरच लाल असतो. या प्रसंगातूनच श्लोक जन्मला असे परंपरा मानते. ‘मा निषाद’ आपण सर्वांनी पाठ केलेला असतो, पण त्या पक्ष्याच्या डोक्याचा रंग कवीने टिपून ठेवला आहे, इकडे सहसा कोणी लक्ष वेधत नाही. जन्मतः मिळालेली लाली आणि बाणामुळे आलेली लाली अशा दोन्ही एकाच पक्ष्यावर, एकाच प्रसंगात येतात, आणि लाल पक्ष्यांच्या पुढच्या साऱ्या साहित्यात हा प्रश्न सतत डोके वर काढतो : पक्ष्याला हा रंग आला कुठून?

महाभारताने त्याला पहाटेचे उत्तर दिले. आदिपर्वात विनता पाचशे वर्षे वाट पाहून अधीर होते आणि दोनपैकी एक अंडे वेळेआधी फोडते. आतून वरचे अंग पूर्ण आणि खालचे अपुरे असा अरुण बाहेर येतो, आईला दासीपणाचा शाप देतो आणि सूर्याचा सारथी होतो. उगवतीपूर्वीची लाली ती त्याची. दुसऱ्या अंड्यातून निघाला तो गरुड. अरुणाचे पुत्र संपाती आणि जटायू. त्यांतल्या एकाचे पंख सूर्याने जाळले आणि दुसऱ्याचे रावणाने कापले, म्हणजे या घराण्याची लालीशी गाठ जन्मापासून मरणापर्यंत सुटत नाही. तळ्याधरणांच्या काठी घिरट्या घालणारी, पांढऱ्या डोक्याची आणि तांबूस पंखांची ब्राह्मणी घार आपल्याकडचे कन्नड शेजारी आजही ‘गरुड’ म्हणून ओळखतात आणि तिला पाहून हात जोडतात. बेळगावात १८३१ साली जन्मलेले बाबा पदमनजी यांनी १८५७ साली ‘यमुनापर्यटन’ लिहून मराठी कादंबरीचा पाया घातला, हे सर्वश्रुत आहे. त्यांनी आपल्या आत्मचरित्राला ‘अरुणोदय’ हे नाव दिले. धर्मांतर केलेल्या लेखकाला आपल्या आयुष्यातल्या उजेडासाठी विनतेच्या अपुऱ्या लेकराचेच नाव जवळचे वाटले, यात भाषा माणसाला किती खोलवर धरून असते ते दिसते.

पश्चिमेकडे लाल पक्ष्याचा उगम शोधत गेलो तर ख्रिस्तपूर्व पाचव्या शतकातल्या हिरोडोटसपाशी पोहोचतो. फिनिक्स पक्षी आपण फक्त चित्रात पाहिला असे तो प्रामाणिकपणे सांगतो आणि त्याची पिसे काही सोनेरी, काही लाल असल्याचे नोंदवतो. पाचशे वर्षांनी एकदा येणारा हा पक्षी बापाचे कलेवर गंधरसाच्या गोळ्यात घालून सूर्यमंदिरात नेतो. त्याच्या हकिकतीत आग नाही, राखेतून उठणे नाही, ते पुढच्या काळात जोडले गेले. ‘हॅरी पॉटर’च्या १९९८ सालच्या दुसऱ्या भागातला फॉक्स हा पक्षी त्याच लाल-सोनेरी कुळातला, आणि मराठी अनुवादामुळे तो आपल्याकडच्या मुलांच्याही ओळखीचा झाला. रशियन लोककथांतला अग्निपक्षी निराळा. त्याचे एक पीस पडले तरी खोली उजळते. अफानास्येव याने १८५५ ते १८६३ या काळात छापलेल्या लोककथासंग्रहात तो आहे, आणि १९१० साली स्त्राविन्स्कीच्या बॅलेमुळे त्याचे नाव जगभर झाले.

इंग्रजी वाङ्मयातल्या रॉबिनबद्दल मात्र थोडे थांबून लिहायला हवे, कारण त्याच्यामुळे आपल्याकडच्या मुलांचा नेहमी गोंधळ उडतो. ‘कॉक रॉबिन’ला कोणी मारले हे विचारणारे बालगीत १७४४ च्या सुमारास छापले गेले. सेल्मा लागरलोफ या स्वीडिश लेखिकेने १९०४ सालच्या ख्रिस्तकथांत, क्रुसावरच्या येशूच्या कपाळातला काटा काढताना उडालेल्या रक्ताने या करड्या पक्ष्याची छाती लाल झाली, ही जुनी दंतकथा नव्याने सांगितली. १९११ सालच्या ‘द सीक्रेट गार्डन’मध्ये, हिंदुस्थानात पटकीने आईबाप गमावून इंग्लंडला पाठवलेल्या मेरीला बंद बागेची पुरलेली किल्ली सापडते ती एका रॉबिनमुळेच. आता बेळगावच्या कॅम्पातल्या किंवा शहापूरच्या इंग्रजी शाळेतले मूल हे वाचून खिडकीबाहेर पाहते तेव्हा त्याला दिसतो चीरक, ज्याला पुस्तके ‘इंडियन रॉबिन’ म्हणतात. तो काळा आणि सडसडीत असतो, सतत शेपटी उभारतो, आणि त्याची लाली छातीवर नसते. शेपटीच्या मुळाशी, खालच्या बाजूला तांबूस डाग असतो आणि शेपटी वर गेली तरच तो दिसतो. नावात साम्य असल्यामुळे दोन्ही पक्षी एकच समजले जातात आणि मुलाला पुस्तक चुकीचे वाटू लागते. अशा वेळी चूक पुस्तकाची नाही आणि पक्ष्याचीही नाही, इंग्रजांनी घराच्या आठवणीने इथल्या पक्ष्याला तिथले नाव दिले, एवढे शिक्षकाने सांगितले तरी पुरते.

ऑस्कर वाइल्डच्या १८८८ सालच्या नाइटिंगेलच्या गोष्टीत रंगाचा प्रवास उलटा होतो. तपकिरी पक्षी काट्यावर छाती टेकवून रात्रभर गातो आणि त्याच्या रक्ताने गुलाब लाल होतो. पक्ष्याने लाली घेतली नाही, दिली.

सीमाभागातल्या वाचकाला मात्र सर्वांत जवळचा लाल पक्षी धारवाडात भेटतो. द. रा. बेंद्रे यांचा जन्म तिथे १८९६ साली मराठी बोलणाऱ्या घरात झाला. ते कन्नडचे थोर कवी झाले आणि मराठीतही लिहीत राहिले. १९३२ सालच्या ‘गरि’, म्हणजे ‘पीस’, या संग्रहात त्यांची ‘हक्कि हारुतिदे नोडिदिरा’, म्हणजे ‘पक्षी उडतो आहे, पाहिलात का?’, ही कविता आहे. हा पक्षी म्हणजे काळ. त्याचे शेपूट काळसर, पिसे पांढरी झळाळती आणि दोन्ही बाजूंचे पंख लाल आणि सोनेरी आहेत. तो रात्र संपवत, दिवस उजाडत, पापणी लवते तेवढ्या वेळात कोसच्या कोस पुढे जातो, राज्ये उलथवतो आणि मंगळाच्या अंगणापर्यंत पोहोचतो. लाल आणि सोनेरी हे फिनिक्सचेच रंग आहेत, पण बेंद्र्यांचा पक्षी जळत नाही, परतही येत नाही, तो फक्त पुढे जातो. आपल्याकडे कन्नड वाचू शकणारे मराठी वाचक पुष्कळ आहेत. त्यांनी ही कविता मुळातून, मोठ्याने वाचावी. कडव्याच्या शेवटी पुन्हा पुन्हा येणारा तो प्रश्न लयीत ऐकला तरच पंखांची फडफड जाणवते.

अलीकडच्या पुस्तकांपैकी तीन सांगतो. आस्ट्रिड लिंडग्रेन यांच्या १९५९ सालच्या एका कथेत दोन अनाथ भावंडे बर्फातून एका लाल पक्ष्यामागे जातात आणि वसंताच्या एका दारापाशी पोहोचतात. गोष्ट मुलांची आहे, पण मोठ्यांना ती अधिक झोंबते. मेरी ऑलिव्हर या अमेरिकन कवयित्रीच्या २००८ सालच्या संग्रहाचे नावच ‘रेड बर्ड’ आहे. आणि पाकिस्तानी लेखक मोहम्मद हनीफ यांच्या २०१८ सालच्या ‘रेड बर्ड्स’ या इंग्रजी कादंबरीत, हिंसेत माणूस मरतो तेव्हा त्याच्या रक्ताचा शेवटचा थेंब लहानसा लाल पक्षी होऊन उडून जातो, आणि ते पक्षी ओळखणारा निवेदक आहे एक कुत्रा. वाल्मीकीच्या पक्ष्यावर बाणाने रक्त आले; इथे रक्तच पक्षी झाले. हनीफ यांनी क्रौंचवध डोळ्यांसमोर ठेवला होता असे मला म्हणायचे नाही, पण एकाच कपाटात ही दोन पुस्तके शेजारी ठेवावीत असे जरूर वाटते.

पक्षिनिरीक्षणाच्या पुस्तकांनी रंग कुठून आला हा प्रश्न बाजूला ठेवून आधी नावे नीट लावली. सलीम अली यांचे ‘द बुक ऑफ इंडियन बर्ड्स’ १९४१ साली आले, आणि मराठीत मारुती चितमपल्ली यांनी ‘पक्षिकोश’ रचून गावोगावची नावे एका जागी आणली. नावांत साहित्य किती भरले आहे ते अशा वेळी कळते. ‘मिनिव्हेट’ या छोट्या पक्ष्याच्या लाल-काळ्या नराला आपण ‘निखार’ म्हणतो, कारण तो फांदीवर फुललेल्या निखाऱ्यासारखाच दिसतो. जांबोटी-कणकुंबीच्या दाट रानातला ‘कर्णा’ बहुतेक वेळा आपल्याकडे पाठ करून निश्चल बसतो. त्याची किरमिजी छाती दिसायची तर तो वळेपर्यंत श्वास रोखून उभे राहावे लागते. ज्या भारद्वाजाचे दर्शन मराठी घरात शुभ मानतात, त्याच तांबूस पंखांच्या आणि लाल डोळ्यांच्या पक्ष्याला कन्नडमध्ये ‘केंभूत’ म्हणतात, ज्यातला ‘कें’ तांबड्या रंगाचा आहे. आणि मोर नाचला म्हणून केंभूतानेही पिसे फुलवली, अशी तिकडे म्हण आहे. आपल्या गावांच्या शिवारात एकाच झुडपात बसलेला हा पक्षी एका घरात शकुन असतो आणि शेजारच्या घरात म्हणीचा विषय.

आणि रंग कुठून आला, याचे उत्तर प्राणिशास्त्रानेही दिले आहे. बहुतेक पक्ष्यांची लाल पिसे कॅरोटिनॉइड या रंगद्रव्यांमुळे असतात आणि ती द्रव्ये पक्ष्याला स्वतःच्या शरीरात मुळापासून घडवता येत नाहीत, ती अन्नातूनच यावी लागतात. रोहित पक्ष्याला, म्हणजे फ्लेमिंगोला, योग्य आहार मिळाला नाही तर तो फिका पडतो. पोपट याला अपवाद आहेत, त्यांच्या पिसांतले लाल द्रव्य त्यांचे शरीर स्वतः तयार करते. लाल मुनियाचा नर विणीच्या हंगामात पांढऱ्या ठिपक्यांचा लालबुंद होतो आणि एरवी तपकिरी असतो. या एवढ्याशा पक्ष्याच्या इंग्रजी आणि शास्त्रीय नावांत अहमदाबाद लपले आहे, कारण तिथूनच तो पिंजऱ्यांत भरून परदेशी जात असे. पावसाळ्यात खानापूरच्या भातशेतांच्या बांधावरल्या उंच गवतात तो दिसला की लाल ठिणगी उडाल्यासारखी वाटते. पिंजऱ्यात कोंडलेल्या मुनियाची पिसे मात्र पुष्कळदा काळवंडत जातात.