सरकते ठोकळे: बसलेले घर कधी सोडायचे?

फोनवर १५ आकड्यांचे सरकते कोडे सोडवायला घेतले की बहुतेक जण एकाच जागी अडतात. चार बाय चारच्या पटावर १५ ठोकळे आणि एक रिकामे घर असते, आणि ठोकळे त्या घरात सरकवत आकडे क्रमाने लावायचे असतात. वरच्या ओळीत १, २, ३ व्यवस्थित बसतात आणि ४ त्याच्या कोपऱ्याच्या बरोबर खाली येऊन थांबतो. फक्त एक घर वर सरकायचे असते, पण कोपऱ्यात दुसराच कुणीतरी ठाण मांडून बसलेला असतो. मग बोट पटावर इकडेतिकडे फिरत राहते, कारण ३ हलवायला मन धजत नाही. इतक्या खटपटीने बसवलेला ठोकळा उठवायचा कसा?

तो उठवावाच लागतो, आणि हे सिद्ध करता येते. कोपऱ्याच्या घराला शेजार दोनच: डावीकडे ३ चे घर आणि खाली एक घर. ३ हलवायचा नाही असे ठरवले तर रिकामे घर कोपऱ्यात खालूनच शिरू शकते. ते शिरते तेव्हा कोपऱ्यातला ठोकळा खाली उतरतो. आता कोपऱ्यात जाऊ शकणारा ठोकळा एकच उरतो, नुकताच खाली उतरलेला. म्हणजे ३ जागेवर असेपर्यंत कोपऱ्यात जो आहे तोच राहणार, मग कितीही चाली करा.

सरकत्या कोड्यांचे सगळे मर्म मला या एका कोपऱ्यात दिसते. आपली स्वाभाविक पद्धत अशी की आत्ताची स्थिती आणि हवी असलेली स्थिती यांतला फरक प्रत्येक पावलाला थोडा कमी करायचा. ॲलन न्यूवेल, क्लिफ शॉ आणि हर्बर्ट सायमन यांनी १९५० च्या दशकाच्या अखेरीस संगणकासाठी ‘जनरल प्रॉब्लेम सॉल्व्हर’ नावाचा प्रोग्राम लिहिला, तो याच तत्त्वावर चालत असे. माणूस प्रश्न कसा सोडवतो याचे ते प्रारूप होते. रोजच्या बऱ्याच कामांत ही पद्धत चालते. सरकत्या ठोकळ्यांत मात्र नेमक्या मोक्याच्या जागी ध्येयापासून दूर जाणारी चाल करावी लागते, आणि डोळ्याला ती चूक वाटते.

म्हणून ३ आणि ४ एकेकटे बसवू नयेत, जोडीने बसवावेत. आधी ३ ला थेट कोपऱ्यात, म्हणजे ४ च्या घरात न्या. ४ ला त्याच्या बरोबर खाली आणा. आता रिकामे घर वरच्या ओळीतल्या तिसऱ्या जागी आणले की दोन चालींत काम होते: ३ डावीकडे सरकतो आणि त्याच्यामागून ४ वर चढतो. यात एकच धोका आहे. ३ कोपऱ्यात गेला आणि ४ नेमका त्याच्या डावीकडे येऊन बसला, तर ती उलटी जोडी तिथल्या तिथे सुटत नाही. अशा वेळी ४ ला दोन ओळी खाली नेऊन पुन्हा मांडणी करणे हाच जवळचा रस्ता.

दुसरी ओळ याच रीतीने लावायची. खालच्या दोन ओळी मात्र आडव्या लावू नका, डावीकडून उभ्या लावत या. पहिल्या स्तंभात ९ वर आणि १३ खाली हवा. त्यासाठी ९ ला डाव्या खालच्या कोपऱ्यात न्यायचे, १३ ला त्याच्या उजवीकडे आणायचे आणि रिकामे घर ९ च्या खऱ्या जागी ठेवायचे. ९ वर चढतो, १३ डावीकडे येतो. १० आणि १४ चेही तसेच. शेवटी दोन बाय दोनचा चौक उरतो, त्यात ११, १२ आणि १५. तिथे डोके चालवायची गरज नाही. ठोकळे गोल फिरवत राहायचे, काही चालींत ते आपोआप जागेवर येतात.

या सगळ्यात लक्ष ठोकळ्यावर कमी आणि रिकाम्या घरावर जास्त हवे. एखादा ठोकळा एक घर डावीकडे न्यायचा असेल तर खरा प्रश्न ‘रिकामे घर त्याच्या डावीकडे कोणत्या वाटेने आणू’ हा असतो. ती वाट बसलेल्या ठोकळ्यांना टाळून आखता आली की अर्धे काम झाले. भरभर बोट फिरवणाऱ्यांपेक्षा ही वाट आधी डोळ्यांनी चालून पाहणारे लवकर पोहोचतात. वेग मात्र सरावाने विलक्षण वाढतो. बुद्धिबळाचा जगज्जेता बॉबी फिशर हे कोडे २५ सेकंदांच्या आत सोडवू शकत असे, आणि १९७२ मध्ये त्याने ते अमेरिकी दूरचित्रवाणीवर करूनही दाखवले.

पण शेवटच्या चौकात ठोकळे कितीही फिरवले तरी जुळलेच नाहीत तर? मग दोष तुमचा नाही. तीन ठोकळे गोल फिरताना त्यांचा एकमेकांमागचा क्रम बदलत नाही. असे क्रम दोनच संभवतात. त्यातला एक सुटतो, दुसरा कधीच सुटत नाही.

या ‘कधीच’मागे मोठा इतिहास आहे. न्यूयॉर्क राज्यातल्या कॅनास्टोटा गावचे पोस्टमास्तर नॉइस चॅपमन यांनी १८७० च्या दशकात असे ठोकळ्यांचे कोडे तयार केले. १८८० मध्ये त्याने अमेरिका आणि युरोप अक्षरशः झपाटून टाकले. पुढे कोडीकार सॅम लॉइड यांनी ते आपणच शोधल्याचा दावा केला, आणि तो खोटा असूनही अनेक दशके टिकला. फक्त १४ आणि १५ यांची अदलाबदल झालेली मांडणी सोडवणाऱ्याला त्यांनी १,००० डॉलरचे बक्षीस लावले होते. ते बक्षीस कुणालाच मिळणे शक्य नव्हते, कारण विल्यम जॉन्सन आणि विल्यम स्टोरी या गणितज्ञांनी १८७९ मध्येच ‘अमेरिकन जर्नल ऑफ मॅथेमॅटिक्स’मध्ये या प्रश्नाचा निकाल लावला होता.

त्यामागचे तर्कशास्त्र सुंदर आहे आणि कागदपेन्सिलीशिवाय समजते. पटावरचे आकडे वरून खाली, डावीकडून उजवीकडे एका रांगेत वाचा. रिकामे घर सोडून द्या. जिथे मोठा आकडा लहान आकड्याच्या आधी येतो ती एक उलटी जोडी. ठोकळा आडवा सरकला तर ही रांग बदलत नाही. उभा सरकला तर रांगेत तो तीन ठोकळ्यांना ओलांडतो, तीन जोड्यांचा क्रम पालटतो, म्हणून उलट्या जोड्यांची संख्या समची विषम किंवा विषमची सम होते. त्याच चालीत रिकामे घरही एक ओळ वर किंवा खाली जाते. खालच्या ओळीतून निघून पुन्हा खालच्या ओळीत यायचे तर उभ्या चाली सम संख्येनेच होणार. म्हणजे रिकामे घर तळाच्या ओळीत असताना उलट्या जोड्या सम असतील तरच कोडे सुटते. १४-१५ च्या अदलाबदलीत उलटी जोडी एकच. तीन बाय तीनच्या पटावर उभी चाल दोनच ठोकळे ओलांडते, त्यामुळे तिथे रिकामे घर कुठेही असो, उलट्या जोड्या समच असाव्या लागतात.

ठोकळे मनाला येईल तसे विखुरले तर निम्म्या मांडण्या न सुटणाऱ्या निघतात. म्हणून चांगले ॲप एकतर सुटलेल्या पटापासून नियमातल्या चाली करत ठोकळे विस्कटते, नाहीतर उलट्या जोड्या मोजून खात्री करते. चित्रांच्या कोड्यात एक वेगळीच गंमत होते. निळ्या आकाशाचे दोन तुकडे हुबेहूब सारखे असले आणि ते आपण आपापसांत बदलून बसवले, तर शेवटी दुसरेच दोन तुकडे उलटे उरतात आणि कोडे बिघडले असे वाटते. उपाय सोपा आहे: ते दोन सारखे तुकडे एकमेकांच्या जागी न्या, बाकीचे सरळ होते.

कोडे सोडवणे वेगळे आणि कमीत कमी चालींत सोडवणे वेगळे. ओळीओळीने जाणारी रीत हमखास पोहोचवते, पण वळसे घेत. पटाच्या सुटू शकणाऱ्या मांडण्या १,०४,६१,३९,४९,४४,००० आहेत. सेकंदाला एक पाहिली तरी सव्वातीन लाखांहून जास्त वर्षे लागतील. त्यातली सर्वांत अवघड मांडणीसुद्धा ८० चालींत सुटते, हे संगणकाने दाखवले आहे. तीन बाय तीनच्या पटावर १,८१,४४० मांडण्या आणि जास्तीत जास्त ३१ चाली. पट मोठा होत जातो तशी सर्वांत छोटी उकल शोधणे भयंकर कठीण होते. संगणकाच्या दृष्टीने ते अत्यंत अवघड प्रश्नांच्या वर्गात मोडते, हे संशोधक रॅटनर आणि वॉर्मुथ यांनी १९८६ मध्ये सिद्ध केले.

मग संगणक ती शोधतो कशी? प्रत्येक ठोकळा आपल्या घरापासून आडवी-उभी मिळून किती घरे दूर आहे ते मोजायचे आणि सगळ्यांची बेरीज करायची. एका चालीत एकच ठोकळा एक घर सरकतो, त्यामुळे या बेरजेपेक्षा कमी चालींत कोडे सुटणे अशक्य. केलेल्या चाली अधिक ही बेरीज जिथे कमी, ती वाट आधी धुंडाळायची. १९६८ मध्ये पीटर हार्ट, निल्स निल्सन आणि बर्ट्राम राफेल यांनी ‘ए-स्टार’ या नावाने ही रीत मांडली. १९८५ मध्ये रिचर्ड कॉर्फ यांनी तिच्यात स्मरणशक्तीची बचत करणारा बदल केला आणि १०० मांडण्यांच्या सर्वांत छोट्या उकली काढल्या. सरासरी सुमारे ५३ चाली आली.

या बेरजेलाही आपला तो कोपरा फसवतो. वरच्या ओळीत ४ आणि ३ उलट्या क्रमाने शेजारी असतील तर बेरीज म्हणते, दोनच घरांचे अंतर. प्रत्यक्षात दोघांपैकी एकाला ओळ सोडून बाहेर जावे लागते आणि परत यावे लागते, म्हणजे किमान दोन चाली जास्तीच्या. ही भर हिशेबात धरली की संगणकाचा शोध कितीतरी झपाट्याने होतो. घर सोडण्याची किंमत यंत्रालाही अशी वेगळी शिकवावी लागली.

आकड्यांऐवजी गाड्या किंवा लाकडी पट्ट्या सरकवून लाल गाडीला वाट करून द्यायची, हा फोनवरचा दुसरा लोकप्रिय प्रकार. जपानचे कोडीकार नोब योशिगाहारा यांनी १९७० च्या दशकात तो रचला आणि १९९६ मध्ये अमेरिकेत ‘रश अवर’ नावाने तो खेळणे म्हणून आला. इथे ओळीओळीने लावत जाणे चालत नाही. इथे उलटे बघायचे: शेवटी काय असलेच पाहिजे?

पट सहा बाय सहा, लाल गाडी वरून तिसऱ्या ओळीत. तिची वाट अडवणारा, फक्त वर-खाली सरकणारा तीन घरांचा उभा ट्रक घ्या. वर सरकून तो कधीच वाट मोकळी करू शकत नाही, कारण अगदी वर टेकला तरी पहिल्या तीन ओळी व्यापतो आणि तिसरी त्यांत येते. वाट सोडायची तर त्याने अगदी तळाशी, चौथ्या ते सहाव्या ओळीतच गेले पाहिजे. एकही चाल न करता एवढे पक्के कळले. आता तो ट्रक डावीकडून तिसऱ्या स्तंभात असेल आणि पाचव्या ओळीत तीन घरांचा आडवा ट्रक असेल, तर त्या आडव्याने तिसरा स्तंभ सोडायला हवा. त्यासाठीही जागा एकच, अगदी उजवीकडे. त्याला उजवीकडे कोण अडवतो, हा पुढचा प्रश्न. असे दोन-तीन दुवे मागे गेलात की पहिली चाल बहुधा समोर येते. सुरुवातीला वर सरकलेला ट्रक वाटेतून दूर होतोय असा भास होतो आणि वेळ तिथेच जातो.

पट आणि गाड्या हव्या तितक्या वाढवल्या तर हा खेळ आकडेकोड्याहूनही अवघड मानल्या जाणाऱ्या वर्गात मोडतो, असे संशोधक फ्लेक आणि बॉम यांनी २००२ मध्ये दाखवले. तिथे सर्वांत छोट्या उकलीतल्या चालींची संख्याच आवाक्याबाहेर जाऊ शकते. फोनवरचा पट सहाचाच असल्याने संगणकाला मात्र तो क्षणाचे काम आहे.

क्लॉट्स्की या कोड्यातही असेच मागून पाहणे उपयोगी पडते. चीनमध्ये तेच ‘हुआरोंग दाओ’ म्हणून खेळतात. पट चार घरे रुंद, पाच घरे उंच. वर मधोमध दोन बाय दोनचा मोठा ठोकळा, त्याच्या खाली दोन घरांची आडवी पट्टी, चार उभ्या पट्ट्या, चार छोटे चौकोन आणि रिकामी घरे फक्त दोन. मोठा ठोकळा तळाशी मधोमध, बाहेरच्या दारापाशी आणायचा. एक ठोकळा कितीही सरकवला तरी एक चाल असे मोजले, तर किमान ८१ चाली लागतात. मांडण्या मात्र काही हजारच, १५ आकड्यांच्या कोड्यापुढे त्या नगण्य आहेत. तरीही माणसे तासन् तास अडकतात, कारण मोठा ठोकळा खाली ढकलत राहण्याचा मोह आवरत नाही.

शेवटचे चित्र पाहा. मोठा ठोकळा तळाशी मध्यभागी असेल तर त्याच्या दोन्ही बाजूंना एकेकच घर उरते. दोन घरांची आडवी पट्टी तिथे मावत नाही, म्हणजे ती तेव्हा त्याच्या वरच असणार. सुरुवातीला ती खाली आहे. तेव्हा कधीतरी दोघांना एकमेकांना ओलांडावे लागेल, आणि ओलांडताना निदान एक क्षण दोघे एकाच ओळीत येतील. ओळ चार घरांची, दोघे दोन-दोन घरांचे. म्हणून त्या क्षणी एक डाव्या कडेला आणि दुसरा उजव्या कडेला चिकटलेला असलाच पाहिजे. फोन हातात घ्याल तेव्हा बाहेरच्या दारापेक्षा आधी याच मांडणीचा पाठलाग करा. रिकामी दोन घरे शक्यतो एकत्र ठेवा, छोटे चौकोन जोडीने चालवा, आणि मोठा ठोकळा एका कडेला नेताना तो पुन्हा वर गेला तरी जाऊ द्या.