मिशांनी बघणारा भडंग आणि मिरजेचा फुटका भोपळा

पोरीच्या वाढदिवसाला हॅमस्टर, म्हणजे उंदरासारखाच एक छोटा पाळीव प्राणी, घरात आला तेव्हा त्याच्याबरोबर दुकानातून जे जे आलं ते सगळं गुलाबी होतं आणि गुळगुळीत होतं. प्लॅस्टिकचं घर, प्लॅस्टिकची घसरगुंडी, तारेचं चाक आणि वर एक कापसाचं पाकीट, "झोपायला मऊ मऊ" म्हणून. रंगाने तो अगदी सांगलीच्या भडंगासारखा, म्हणून पोरीने नाव ठेवलं भडंग. (खरं भडंग त्याला खायला मात्र द्यायचं नाही हां, तिखट, मीठ, तेल, लसूण, सगळंच त्याला वाईट.) आठवड्याभरात प्रकार असा सुरू झाला की रात्री अकरा वाजले की हा उठणार आणि पिंजऱ्याची जाळी दातात धरून कर्रर्र कर्रर्र, ते थेट पहाटेपर्यंत. आई म्हणाली, "अरे त्याला तरी सोड नाहीतर मला तरी दुसऱ्या खोलीत हलव."

मला आधी वाटलं दात शिवशिवत असतील. कुरतडणाऱ्या प्राण्यांचे पुढचे दात आयुष्यभर वाढत राहतात हे शाळेत शिकलेलो, ते खरंच आहे, पण तेवढ्यावरून रात्रभर जाळी चावणं काही समजत नाही. झूलॉजी घेऊन बीएस्सी केलेला माणूस मी, पुस्तकं कधीच माळ्यावर गेली, ती परत खाली काढली आणि तेव्हा लक्षात आलं की आपण पिंजरा सजवला तो आपल्या डोळ्यांसाठी, भडंगला त्या गुलाबी रंगाचं काही म्हणजे काही पडलेलं नाही. हॅमस्टरची नजर अधू असते, उंचीचा अंदाज तर इतका कच्चा की टेबलाच्या कडेवरून सरळ चालत खाली पडतो. त्याचं जग कळतं ते नाकाने, कानाने, पायाच्या तळव्यांनी आणि मिशांनी.

या मिशा म्हणजे भारी प्रकरण आहे. मिशी स्वतः मेलेली असते, आपल्या केसासारखीच, तिला काही जाणवत नाही. सगळी करामत मुळाशी. प्रत्येक मिशीच्या मुळाभोवती रक्ताने भरलेली एक छोटी पिशवी असते आणि तिथे शंभराच्या वर चेतातंतू येऊन टेकलेले असतात, म्हणजे टोकाला जरा काही घासलं की ती कंपनं खाली मुळाशी वाचली जातात. आंधळा माणूस काठी टेकवत चालतो तेव्हा रस्ता खडबडीत आहे की गुळगुळीत हे त्याला काठीच्या टोकावरून नाही, मुठीत कळतं ना, तसंच. फक्त इथे एका गालावर अशा तीसेक काठ्या आहेत आणि उंदीर त्या सेकंदाला पाच ते पंधरा वेळा पुढेमागे हलवतो.

१९७० साली वूल्सी आणि व्हॅन डर लूस या दोघा शास्त्रज्ञांनी उंदराच्या मेंदूचे पातळ काप करून बघितले तर त्यांना पेशींची छोटी छोटी पिंपं रांगेत मांडलेली दिसली, पाच रांगा, आणि गालावर मिशांच्याही पाचच रांगा. एका मिशीला एक पिंप, डाव्या गालाचा नकाशा मेंदूच्या उजव्या भागात. पुढे १९७३ मध्ये त्यांनीच दाखवलं की नुकत्या जन्मलेल्या पिल्लाच्या मिशीचं मूळच काढून टाकलं तर मेंदूतलं तिचं पिंप नीट बनतच नाही. म्हणजे कोवळ्या वयात स्पर्श पोचला तरच स्पर्शाची जागा तयार होते.

आणि या मिशा किती बारीक ओळखतात? १९९० सालच्या एका प्रयोगात उंदरांना फक्त मिशांवर दोन पृष्ठभाग ओळखायला लावले, एक साफ गुळगुळीत आणि दुसऱ्यावर ३० मायक्रॉन खोल खाचा, ९० मायक्रॉनच्या अंतराने. आपल्या डोक्याच्या केसाच्या निम्म्या जाडीएवढीसुद्धा खोली नाही ती, तरी उंदीर शिकले. आता विचार करा, ज्याला हे एवढं कळतं त्याला आपण दिवसरात्र एका प्लॅस्टिकच्या डब्यात ठेवलंय, जिथे इकडून तिकडे सगळं सारखंच लागतं. आपल्याला चारी बाजूंनी पांढरी भिंत असलेल्या खोलीत कोंडलं तर आपण पण जाळी चावूच की.

हे नुसतं दयाळूपणाचं बोलणं नाही, याला जुना पुरावा आहे. डोनाल्ड हेब नावाच्या मानसशास्त्रज्ञाने १९४० च्या दशकात प्रयोगशाळेतले काही उंदीर चक्क घरी नेले, त्याच्या मुलींनी ते पाळले, ते घरभर फिरायचे, मग त्यांना चक्रव्यूहासारख्या कोड्यात सोडलं तर पिंजऱ्यात वाढलेल्या उंदरांपेक्षा ते पटकन शिकत होते. पुढे अमेरिकेत बर्कलेच्या विद्यापीठात मेरियन डायमंड आणि तिच्या सहकाऱ्यांनी १९६४ मध्ये दाखवलं की सोबती आणि बदलती खेळणी असलेल्या मोठ्या पिंजऱ्यातल्या उंदरांच्या मेंदूचं वरचं आवरण एकट्याने रिकाम्या पिंजऱ्यात राहणाऱ्यांपेक्षा जाड होतं. फरक थोडाच, पण मोजता येईल असा. तोपर्यंत मोठेपणी मेंदू काही बदलत नाही असंच बहुतेक जण धरून चालायचे. एक सांगून ठेवतो, ते उंदीर कळपात राहणारे. भडंगसारखा सिरियन हॅमस्टर एकटा राहणारा प्राणी आहे, त्याला "सोबत" म्हणून दुसरा आणाल तर दोघं एकमेकांना फाडतील.

तर मग आम्ही सामान गोळा करायला लागलो आणि मजा अशी की सांगली-मिरजेत राहणाऱ्याला यासाठी ऑनलाइन काहीही मागवायची गरज नाही.

पहिली गोष्ट खणायची. रानात सिरियन हॅमस्टर जमिनीखाली बीळ करून राहतो, सिरियात शास्त्रज्ञांनी अशी बिळं मोजली तर सरासरी ६५ सेंटिमीटर खोल भरली, आणि तिथे तो धान्य साठवतो. मला हे वाचून पहिल्यांदा आठवलं ते हरिपूर. आपल्याकडे हळद साठवायची पेवं असतात ना, जमिनीखाली खोल, वरून तोंड लहान, तीच आयडिया! (२००५ च्या महापुरात त्यातली कितीतरी पेवं गेली ती गोष्ट वेगळी.) आणि आपण या पेववाल्याला दोन इंच भुसा देतो. स्वित्झर्लंडमध्ये यावर प्रयोग झाला होता, हॅमस्टरना १०, ४० आणि ८० सेंटिमीटर जाडीचा थर दिला, १० सेंटिमीटरवाले सगळ्यात जास्त जाळी चावत होते आणि ८० वाल्यांनी चावणं जवळपास सोडलंच होतं. ८० काय आपल्या घरात जमणार नाही, पण जुनी मोठी प्लॅस्टिकची टाकी आडवी कापून तिच्यात एका बाजूला गुडघाभर थर बसतो. त्यात आम्ही कागदाच्या पट्ट्या, वाळलेली हरळी, कडब्याची पानं असं थरावर थर दाबून घातलं. नुसता भुसा ढासळतो, त्याला बोगदा टिकत नाही, गवताच्या काड्या मध्ये आल्या की छत धरून राहतं, स्लॅबमध्ये सळई घालतो तसं. सॉमिलवरून फुकट भुसा आणायचा मोह होतो पण कुठलं लाकूड आहे ते कळत नाही, धूळ फुफ्फुसात जाते आणि देवदारासारख्या वासाच्या लाकडातले तैलद्रव्य यांच्या लिव्हरवर परिणाम करतात, म्हणून तो नाद सोडला.

कापसाचं पाकीट पण त्याच दिवशी कचऱ्यात. त्याचे तंतू तुटत नाहीत, पायाला गुंडाळले की रक्त थांबतं, गालाच्या पिशवीत नाहीतर पोटात गेले की अडकतात. एका रात्री भडंगच्या मागच्या पायाला तसला धागा घट्ट बसलेला, पोरीने टॉर्च धरला आणि मी नखं कापायच्या कात्रीने तो सोडवला, हात थरथरत होते माझे. त्यापेक्षा साधा टिश्यू पेपर द्या, बिनवासाचा. तो स्वतः फाडून पट्ट्या करतो आणि ते फाडणं हेच त्याचं अर्धं काम आहे. तयार गादी दिली की कामच संपलं.

कडबा म्हणजे तर खजिना. वैरणवाल्याकडून एक पेंढी घेतली, उन्हात दोन दिवस कडक वाळवली, काळी बुरशी असलेली ताटं फेकली, उरलेल्याचे वीतभर तुकडे केले. ज्वारीचं ताट बाहेरून गुळगुळीत आणि टणक, पेरावर खरखरीत, फोडलं की आत भुसभुशीत पांढरा गर. एकाच काडीत तीन पोत! शेजारच्या वहिनींकडे गिनी पिगची जोडी आहे, त्यांना हे दिलं तर दोघांनी आधी लांबून मिशा लावल्या, मग मागे पळाले, परत आले, आणि अर्ध्या तासाने ताट उभं चिरून गर खात बसलेले. गिनी पिगच्या आणि सशाच्या दाढासुद्धा वाढत राहतात, नुसते पुढचे दात नाही, त्यामुळे त्यांना खरबरीत गवत चघळणं ही चैन नाही, गरजच आहे. (ससा तसा कुरतडणाऱ्यांच्या कुळातला नाही, पण पिंजऱ्याचं गणित बरंचसं तेच.) हरळी म्हणजे दूर्वा तर ते मिटक्या मारत खातात, गणपतीत देवाला आणि वाहनाच्या लांबच्या नातेवाइकांना एकाच जुडीतून. मक्याचं बुरकुंड मात्र देऊ नका, तुकडा गिळला की आतड्यात अडकतो.

पायाखाली काय आहे याचा विचार आपण सगळ्यात कमी करतो. गिनी पिगचे तळवे उघडे, सशाला तर तळव्याला गादीच नाही, नुसते केस, म्हणून तारेच्या जाळीवर सतत उभं राहिलं की तळपाय सोलतो, जखम होते, ती चिघळते. मग कोणी म्हणतं गोणपाट घाला, पण गोणपाटाच्या सुटलेल्या सुतात नख अडकतं, घालायचंच तर कडा दुमडून शिवून घाला. वहिनींनी एका कोपऱ्यात जुनं मंगलोरी कौल ठेवलंय, एका बाजूला शहाबादी फरशीचा तुकडा, बाकी गवत. एप्रिल-मेत सांगलीत पारा चाळिशीला टेकतो, आणि गिनी पिगला तिशीच्या पुढेच त्रास सुरू होतो, तेव्हा दुपारी दोघं त्या फरशीवर पोट टेकून पसरलेले असतात, संध्याकाळी गार झालं की गवतात. कुठे बसायचं ते त्यांचं ते ठरवतात, आपण फक्त दोन्ही ठेवायचं.

हे ठरवणं बघायचं असेल तर घरात करता येतं. भडंगसाठी आम्ही दोन सारखे खोके ठेवले, एकात धुऊन चाळून तव्यावर भाजलेली नदीची वाळू, दुसऱ्यात कागदाच्या पट्ट्या, आणि जुना मोबाईल वर टांगून रात्रभर रेकॉर्डिंग. दुसऱ्या रात्री खोक्यांच्या जागा बदलल्या, कारण प्राणी कधीकधी वस्तू नाही तर कोपरा पसंत करतो. पोरीने वहीत दर दहा मिनिटांनी तो कुठे ते लिहिलं. निष्कर्ष असा की झोपायला पट्ट्या आणि लोळायला वाळू, वाळूत तो कुशीवर पडून असा घुसळायचा की बघत राहावं, अंगावरचं तेल ती शोषून घेते. बारीक धुळीसारखी पावडर वापरू नका, ती श्वासात जाते. चाकही बदललं, तारेच्या चाकात पाय अडकतो, सलग पृष्ठभागाचं आणि पाठ वाकणार नाही इतकं मोठं घेतलं.

एक चूक आम्ही केली. उत्साहात एका रविवारी सगळंच बदललं, सगळं धुतलं, सगळं नवीन. भडंग दोन दिवस कोपऱ्यातून बाहेर आला नाही. त्याच्या वासाच्या खुणा आम्ही पुसल्या होत्या, म्हणजे आपण कामावरून घरी यावं आणि कुलूपच बदललेलं असावं तसं. आता एका वेळी एकच वस्तू नवीन, आणि साफ करताना जुन्या पट्ट्यांतला तिसरा हिस्सा परत आत. फांद्या पेरूच्या नाहीतर तुतीच्या, फवारणी नसलेल्या झाडाच्या. कण्हेर चुकूनही नाही, ती विषारी. प्लायवूड नाही, रंग दिलेलं काही नाही. करवंटी पॉलिश पेपरने घासून कड मऊ केलेली, काथ्या पूर्ण खरवडून काढलेला.

आणि भोपळा. मिरजेत सतारी करतात तिथे एका दुकानाबाहेर तडे गेलेले वाळके भोपळे पडलेले असतात हे मला माहीत होतं, गेलो आणि विचारलं. काकांनी चष्म्यावरून बघितलं. "कशाला पायजे?"

"हॅमस्टरला. म्हणजे उंदरासारखा असतो, पाळलाय घरी."

"उंदराला सतारीचा भोपळा?" आतल्या पोराला हाक मारली, "ऐकलंस का रं?" दोघं हसले, पण मग काकांनी स्वतः तीन-चार उचलून टिचकी मारून बघितले, एक निवडला, पॉलिश न लावलेला, म्हणाले ह्यो घ्या, ह्याला आत कायबी लावलेलं न्हाई. पैसे घेतले नाहीत.

वाळक्या भोपळ्याची आतली बाजू बघितलीय का कधी? बाहेरून गुळगुळीत, आत सगळे तंतू वाळून चिकटलेले, घोसाळ्याच्या काथ्यासारखं खरखरीत. आम्ही बिया आणि सुटी भुकटी काढून टाकली, बाकी राहू दिलं, मूठभर भोक पाडून कड घासली आणि ठेवला. भडंग पहिल्या रात्री भोकाच्या कडेवर मिशा फिरवत बसला, आत डोकं घातलं, काढलं, परत घातलं, मोबाईलच्या रेकॉर्डिंगमध्ये त्या मिशा नुसत्या धुरकट दिसतात इतक्या जोरात हलत होत्या. दुसऱ्या रात्रीही तेच. तिसऱ्या रात्री त्याने गालात भरभरून टिश्यूच्या पट्ट्या आत नेल्या, अकरा खेपा, पोरीने मोजल्या, मग सूर्यफुलाच्या बिया नेल्या, आणि आतून तंतू कुरतडल्याचा बारीक आवाज येत राहिला. जाळी चावणं तसं खोल थर दिल्यापासूनच कमी झालं होतं, अजून महिन्यातून एखाद्या रात्री करतो, पण आई आता उठत नाही.

गुलाबी प्लॅस्टिकचं घर अजून आत आहे. एका कोपऱ्यात. हॅमस्टर स्वच्छतेच्या बाबतीत पक्के असतात, एक जागा ठरवून तिथेच लघवी करतात, आणि भडंगने त्यासाठी ते घर ठरवलंय. गुळगुळीत असल्यामुळे धुवायला एकदम सोपं जातं.