डेस्कटॉप थीमिंगमधील बिघाड आणि त्यांचा शोध

विंडो, टास्कबार, आयकॉन यांचे रूप बदलणाऱ्या थीम, स्किन आणि एक्स्टेंशन बिघडल्यावर मूळ कारणापर्यंत पोचण्याची पद्धत. दोष पुष्कळदा थीमचा नसतोच. ती ऑपरेटिंग सिस्टिमच्या ज्या अंतर्गत भागांवर उभी असते, ते एखाद्या अपडेटने बदललेले असतात. म्हणून पहिला प्रश्न ‘काय बिघडले?’ हा नसून ‘शेवटी काय बदलले?’ हा असतो.

२००१ मधील विंडोज एक्सपीपासून सिस्टिम केवळ मायक्रोसॉफ्टची डिजिटल सही असलेल्या व्हिज्युअल स्टाइलच (थीमच्या रूपाच्या फाइलच) स्वीकारते. बाहेरची थीम चालावी म्हणून ‘यूएक्सथीम’ या सिस्टिम फाइलला पॅच लावण्याचा, म्हणजे तिच्या कोडमध्ये फेरफार करण्याचा, प्रघात पडला. पुढे अपडेट मूळ फाइल परत आणून ठेवते आणि कालपर्यंत देखणा असलेला डेस्कटॉप सकाळी जुन्याच रूपात उघडतो. थीम पुन्हा पुन्हा इन्स्टॉल करून इथे काही साधत नाही. पॅच नव्या आवृत्तीसाठीचा लागतो. टास्कबार आणि डेस्कटॉप दाखवणाऱ्या एक्स्प्लोरर या विंडोजच्या प्रोग्रॅममध्ये शिरून काम करणारी साधने याहून त्रासदायक, कारण ती कोसळली की टास्कबारच नाहीसा होतो. अशा वेळी कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप एकत्र दाबून टास्क मॅनेजर उघडता येतो आणि तिथून एक्स्प्लोरर पुन्हा सुरू करता येतो. तो लगेच परत कोसळत असेल, तर सेफ मोडमध्ये (फक्त अत्यावश्यक भागांसह सुरू केलेल्या विंडोजमध्ये) जाऊन ते साधन काढावे.

लिनक्सवर ग्नोम या डेस्कटॉपची एक्स्टेंशन आवृत्तीगणिक मोडतात. पूर्वी एक्स्टेंशनची माहिती असलेल्या मेटाडेटा फाइलमध्ये नव्या आवृत्तीचा आकडा घातला की बरीचशी चालून जात. २०२३ मधील ग्नोम ४५ ने मॉड्यूल (कोडचे वेगवेगळे भाग) आणण्याची रीतच बदलली आणि ही युक्ती निकामी झाली.

दोष कुठे आहे हे ठरवायला नवे यूझर खाते उघडून पाहणे हा सर्वांत स्वस्त उपाय, आणि तोच सहसा शेवटी आठवतो. तिथे सगळे सुरळीत असेल तर गडबड जुन्या खात्याच्या सेटिंगमध्ये आहे.

विंडोजच्या डेस्कटॉपवर स्किन दाखवणाऱ्या रेनमीटर या प्रोग्रॅमच्या स्किनमध्ये देवनागरीऐवजी चित्रविचित्र चिन्हे दिसली, तर बहुधा फॉन्ट निर्दोष असतो. स्किनची फाइल यूटीएफ-१६ लिटल एंडियन या एन्कोडिंगमध्ये (अक्षरे साठवण्याच्या पद्धतीत) सेव्ह करून स्किन रिफ्रेश केली की अक्षरे जागेवर येतात.